‘थर्ड मॅन’मधला सार्जंट पेन म्हणजेच बाँडचा ‘एम’! बर्नार्ड लीबद्दल कुणी सांगेल का?

ओंकार_नाशिक

नमस्कार मंडळी. आमच्या फिल्म क्लबात या महिन्यात कॅरल रीडचा ‘द थर्ड मॅन’ (१९४९) दाखवला. ऑर्सन वेल्स, ती झिथर या तंतुवाद्याची धून, व्हिएन्नाचे ओले रस्ते, सगळं अफाट आहेच. पण माझं लक्ष पुन्हा पुन्हा ब्रिटिश लष्करी पोलिसांच्या मेजर कॅलोवेच्या मागे उभ्या असलेल्या सार्जंट पेनकडे जात होतं. चेहरा कुठेतरी पाहिलेला. घरी येऊन नावं तपासली तर बर्नार्ड ली! लहानपणी केबलवर बाँडपट लागायचे, त्यात टेबलामागे बसून शॉन कॉनरीला झापणारा ‘एम’ तो हाच.

१९४९ ला सार्जंट आणि १९६२ ला ‘एम’. मधल्या तेरा वर्षांत हा माणूस काय करत होता? कधी नायक झाला का? आपल्याकडे इफ्तेखार म्हटलं की पोलीस अधिकारी डोळ्यांसमोर येतो, तसंच याचं झालं का? आणि त्या काळच्या ब्रिटिश सिनेमात तेच तेच चेहरे का दिसतात, हेही कुणी सांगितलं तर बरं होईल.

शेवंता

ओंकार, तुझा प्रश्न वाचून फार आनंद झाला. या माणसाबद्दल कुणी आपणहून विचारत नाही.

मी लेस्टरला असते, हॉस्पिटलात रात्रपाळी करते. सकाळी घरी आलं की लगेच झोप येत नाही, मग चहा घेऊन ‘टॉकिंग पिक्चर्स टीव्ही’ लावते. या वाहिनीवर जुने ब्रिटिश सिनेमे लागतात, त्यातही कुणी नाव न घेतलेले खूप. तिथे बर्नार्ड ली इतक्यांदा भेटतो की आता तो नात्यातला वाटतो. वॉर्डातल्या आजीआजोबांसमोर त्याचं नाव घेतलं तर कपाळाला आठ्या पडतात, पण फोनवर फोटो दाखवला की लगेच ‘अरे हा!’ म्हणतात. या धंद्यातल्या माणसांचं हेच नशीब. चेहरा लोकांचा होतो, नाव पडद्यावरच राहतं.

आता मूळ प्रश्न. जन्म १९०८, लंडनच्या पश्चिमेला ब्रेंटफर्डला. वडीलही नट. सहा वर्षांचा असताना वडिलांबरोबर म्युझिक हॉलमध्ये पहिल्यांदा रंगमंचावर उभा राहिला. पुढे ‘राडा’ या लंडनच्या नाट्यशिक्षण संस्थेत शिक्षण, मग रंगभूमी, १९३०च्या दशकात किरकोळ सिनेमे, मग युद्ध आणि लष्कर. युद्ध संपलं तेव्हा पस्तिशी उलटून गेलेली. ब्रिटिश सिनेमाला नेमकी त्याच वयाच्या माणसांची गरज होती. तेव्हाच्या गोष्टीच तशा होत्या: पोलीस ठाणं, पाणबुडी, कारखाना, युद्धकैद्यांची छावणी. म्हणजे नायक एक आणि त्याच्या भोवती काम करणारी वीस माणसं. ती वीस माणसं खरी वाटली नाहीत तर सिनेमा कोसळणार.

पोलिसांची यादी खरंच लांब आहे. रीडच्याच ‘द फॉलन आयडॉल’मध्ये (१९४८) डिटेक्टिव्ह हार्ट, ‘द ब्लू लॅम्प’मध्ये (१९५०) इन्स्पेक्टर चेरी, त्याच वर्षी ‘केज ऑफ गोल्ड’मध्ये इन्स्पेक्टर ग्रे, ‘द यलो बलून’मध्ये कॉन्स्टेबल, जॉन ह्यूस्टनच्या ‘बीट द डेव्हिल’मध्ये स्कॉटलंड यार्डचा माणूस. नायक झाला का म्हणशील, तर झाला, पण कुठे? रहस्यकथाकार एडगर वॉलेसच्या कथांवरून तासाभराचे स्वस्तातले सिनेमे निघायचे, मुख्य सिनेमाच्या आधी दाखवायला. त्यात सुपरिंटेंडंट मेरेडिथ. म्हणजे नायकपद मिळालं तेही गणवेशाच्याच खात्यातलं.

पण म्हणून हा ‘तेच ते’ करणारा नट, असं कुणी म्हटलं की माझा जीव तुटतो. पेनचंच बघ. (ज्यांनी सिनेमा पाहिला नसेल त्यांनी पुढचे दोन परिच्छेद सोडून द्या.)

मेल्याचं सोंग घेतलेल्या हॅरी लाइमच्या (ऑर्सन वेल्स) दफनविधीनंतर त्याचा मित्र, कादंबरीकार हॉली मार्टिन्स बारमध्ये दारू पिऊन मेजरच्या अंगावर धावून जातो. मधे पडून त्याला ठोसा कोण देतो? पेन. आणि लगेच त्याला आदबीने उठवतो कोण? तोही पेनच, कारण मार्टिन्सच्या काउबॉय कादंबऱ्या त्याने वाचल्यात. हा ठोसा आणि हा आदर यांच्यामध्ये ली काहीही दाखवायला जात नाही. चेहरा तोच, फक्त आवाज मऊ होतो. ड्यूटी संपली, आता वाचक म्हणून बोलतोय, एवढंच. पुढे हॉटेलात व्याख्यानं भरवणाऱ्या क्रॅबिनला हा लेखक कोण ते माहीत नसतं, आणि पेन मनापासून ग्वाही देतो की लेखक चांगला आहे. त्या शिफारशीवर क्रॅबिन मार्टिन्सला व्याख्यानाला बोलावतो, मार्टिन्स व्हिएन्नात राहतो, आणि गोष्ट सुरू होते. पेनने ती पुस्तकं वाचली नसती तर मार्टिन्स दुसऱ्या दिवशी विमानाने परत गेला असता. मला तर वाटतं, त्या उद्ध्वस्त शहरात कुणाकडून काहीही नको असलेला तो एकटाच माणूस आहे. लाइमची प्रेयसी ॲना हिच्या घराची झडती घेताना तिची खासगी पत्रं उचलतो, तेव्हाही तिला धीर देतो, काळजी करू नका, आम्ही डॉक्टरांसारखेच. मी हॉस्पिटलात काम करते म्हणून असेल, पण ते वाक्य ज्या साधेपणाने तो टाकतो ते मला फार कळतं. दिवसातून दहा जणांना म्हटलेलं वाक्य अकराव्याला म्हणताना त्यातली माया जाऊ द्यायची नाही, हे सोपं नसतं.

म्हणून गटारातला शेवट लागतो. मार्टिन्स पुढे जातो, पेन त्याला मागे ओढायला धावतो आणि लाइमची गोळी पेनला लागते. मार्टिन्स ज्या पिस्तुलाने शेवटी मित्राकडे जातो ते पेनचं पिस्तूल असतं. वेल्सच्या एका भाषणावर लोक पानंच्या पानं लिहितात, पण हॅरी लाइम खरोखर काय चीज आहे हे माझ्या डोळ्यांसमोर घडतं ते पेन पडतो तेव्हा. लाइमच्या पेनिसिलीनच्या भेसळीबद्दल आपण फक्त ऐकलेलं असतं, इथे एक भला माणूस समोर मरतो.

बाकीचं नंतर लिहिते, डोळे मिटायला लागलेत.

अप्पा_नारायणपेठ

शेवंताताई, सुरेख लिहिलंत. ‘तेच चेहरे का’ या प्रश्नाबद्दल माझी भर.

एक तर भूगोल. पाइनवुड, शेपर्टन, ईलिंग, एल्स्ट्री हे सगळे स्टुडिओ लंडनला लागून. नट दिवसा शूटिंग करायचे आणि संध्याकाळी वेस्ट एंडला नाटकाला हजर. त्यामुळे रंगभूमीवरचा उत्तम माणूस दोन-चार दिवसांच्या कामासाठी सहज मिळायचा. बर्नार्ड ली स्वतः १९५० मध्ये अपोलो थिएटरला ‘सीगल्स ओव्हर सोरेन्टो’ या नौसैनिकांच्या नाटकात होता. ते नाटक तीनहून अधिक वर्षं चाललं. पुढे त्यावर सिनेमा निघाला, नायक म्हणून हॉलिवूडहून जीन केली आला, आणि ली त्यातही होता. नायक बाहेरून आणायचा, पण जहाजावरची माणसं घरचीच.

दुसरं म्हणजे कायदा. हॉलिवूडपुढे टिकाव लागावा म्हणून ब्रिटिश चित्रपटगृहांना ठरावीक वाटा देशी सिनेमाचा दाखवावाच लागे. त्यामुळे सिनेमे सतत निघत राहिले, आणि तयारीचे, वेळ न खाणारे नट सतत लागत राहिले. पहिल्याच टेकला ओके देणारा माणूस निर्मात्याला सोन्यासारखा.

ओंकार, याच पठडीतला सॅम किड शोध. बारकासा, चलाख डोळ्यांचा. दोनशेहून जास्त सिनेमे, पुष्कळदा एखाद-दुसरं वाक्य. युद्धकैद्यांच्या सिनेमात तो हमखास दिसतो, आणि तो स्वतः १९४० मध्ये फ्रान्समध्ये पकडला जाऊन पाच वर्षं पोलंडमधल्या छावणीत होता. ‘द कॅप्टिव्ह हार्ट’ (१९४६) पाहताना हे माहीत असलं की मागच्या रांगेतल्या त्या माणसावरून नजर हलत नाही.

आम्ही पुण्यात बाँड पाहायचो तो ‘अलका’ला. ‘एम’चा प्रवेश म्हणजे आता काम समजावून सांगणार, चहा-वड्याला उठायचं नाही, एवढंच तेव्हा कळायचं.

ओंकार_नाशिक

शेवंताताई, अप्पा, खूप खूप आभार. पेनच्या शिफारशीवर सगळी गोष्ट उभी आहे हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. काल तो भाग पुन्हा पाहिला. स्लाइड दाखवताना पेन आधी चुकून गेंड्याचं चित्र लावतो, तेही या वेळी दिसलं!

एक विचारतो. पोलीस आणि ‘एम’ सोडून लीचं वेगळं काम कुठलं? आणि ताई, ‘एम’ तुम्हाला आवडतो की नाही? तुम्ही त्याचा उल्लेखच टाळलात.

शेवंता

टाळला नाही, मागे ठेवला. कारण ‘एम’पासून सुरुवात केली की लोक तिथेच थांबतात.

आधी वेगळी कामं. पॉवेल-प्रेसबर्गर जोडीचा ‘द बॅटल ऑफ द रिव्हर प्लेट’ (१९५६). जर्मन युद्धनौका ग्राफ श्पेने बुडवलेल्या ‘आफ्रिका शेल’ जहाजाचा कॅप्टन डव्ह म्हणजे ली. खराखुरा कॅप्टन होता हा. कैदी म्हणून शत्रूच्या बोटीवर येतो तोच भांडत: मी तटस्थ देशाच्या सागरी हद्दीत होतो, तुम्हाला अधिकार नव्हता! जर्मन कॅप्टन लँग्सडॉर्फ (पीटर फिंच) सभ्य माणूस. दोघे दर्यावर्दी, दोघांना एकमेकांचं काम कळतं, आणि राग हळूहळू मावळतो. शेवटी स्वतःची बोट स्वतःच बुडवून बसलेल्या लँग्सडॉर्फला डव्ह भेटायला जातो. तोफा, धूर, मोठमोठ्या आरमारी हालचाली सगळं झाल्यावर सिनेमा या दोन माणसांवर येऊन थांबतो. त्या भेटीत ली जवळजवळ काहीच करत नाही, फक्त समोरच्याला एकटं पडू देत नाही. फिंचचं कौतुक होतं ते योग्यच आहे, पण समोर असा माणूस उभा असल्याशिवाय ते काम तसं होत नाही.

मग ‘नोव्हेअर टू गो’ (१९५८). यात तो चक्क बदमाश आहे. तुरुंगातून पळालेल्या ठगाचा जोडीदार, जो पैशासाठी त्याच्यावरच उलटतो. आणि भीती कशाची वाटते माहीत आहे? तोच भरवशाचा आवाज, तोच ‘काळजी करू नका’वाला चेहरा, आणि आत काहीच नाही. पडद्यावर मॅगी स्मिथची पहिली नजरेत भरणारी भूमिकाही यातलीच.

ब्रायन फोर्ब्सला हा नट सगळ्यांत जास्त कळला असं माझं ठाम मत आहे. त्याने लिहिलेल्या ‘द अँग्री सायलेन्स’मध्ये (१९६०) ली कामगारांचा पुढारी कॉनली आहे. अनधिकृत संप होतो, रिचर्ड ॲटनबरोचा कामगार त्यात सामील होत नाही, आणि सगळा कारखाना त्याच्याशी बोलणं टाकतो. कॉनली खलनायक नाही. आपण कामगारांच्या भल्याचंच करतोय असं त्याला खरोखर वाटतं, आणि मागून कुणीतरी दुसराच दोऱ्या हलवतोय हे त्याला उमगत नाही. ली त्याला मूर्खही करत नाही, दुष्टही करत नाही. थोडं पद मिळालेला, त्यात सुखावलेला, जरा फुगलेला माणूस. असे पुढारी मी प्रत्येक नोकरीत पाहिलेत, आणि त्यातले काही माझे चांगले मित्र होते.

आणि ‘व्हिसल डाउन द विंड’ (१९६१), फोर्ब्सचं पहिलं दिग्दर्शन. लँकशरमधलं शेत, आई नसलेली तीन मुलं, गोठ्यात लपलेला दाढीवाला फरारी गुन्हेगार (ॲलन बेट्स), आणि तो येशूच आहे अशी मुलांची खात्री. ली त्यांचा बाप, बोस्टॉक. दिवसभर चिखलात राबणारा, मुलांवर ओरडणारा, प्रेम आहे पण ते बोलून दाखवायला वेळ आणि शब्द दोन्ही नसलेला. वाढदिवसाच्या टेबलावर धाकटी मुलगी येशूसाठी म्हणून केकचा जास्तीचा तुकडा घेते आणि मोठी माणसं गप्प होतात. त्या शांततेत बापाचा चेहरा बघ. दुसऱ्या कुणी तिथे डोळे विस्फारले असते. ली फक्त खाणं थांबवल्यासारखा थांबतो, आणि आपल्याला कळतं की मुलांचं जग आता मोडणार.

आता ‘एम’. आवडतो, का नाही आवडणार! १९६२ ते १९७९, अकरा बाँडपट. कॉनरी, लेझन्बी, मूर असे तीन बाँड आले, ‘एम’ एकच. ‘डॉ. नो’मध्ये लाडकं बेरेटा पिस्तूल काढून घेऊन वॉल्थर हातात देतो तो प्रसंग आठव. बाँड जगाला ऐकत नाही, पण इथे शाळकरी पोरासारखा हिरमुसतो. ते अंतर लीच्या आवाजातून येतं. पेन, चेरी, डव्ह हे सगळे जगून झाल्यावर तो त्या टेबलामागे बसलाय, म्हणून त्याला जास्त बोलावं लागत नाही. फक्त ते काम अरुंद होतं, एका खोलीचं. ‘ऑन हर मॅजेस्टीज सीक्रेट सर्व्हिस’मध्ये एकदा त्याच्या घरी जायला मिळतं, फुलपाखरांच्या संग्रहात गुंग असतो, तेवढंच. इतक्या मोठ्या नटाला तेवढीच खिडकी मिळावी याचं मला वाईट वाटतं.

एक गंमत: ‘द फॉलन आयडॉल’मध्ये लीबरोबर दुसरा डिटेक्टिव्ह होता जेफ्री कीन. तोच कीन १९७७ पासून बाँडपटांत संरक्षणमंत्री. ‘मूनरेकर’मध्ये व्हेनिसला ‘एम’ आणि मंत्री गॅस मास्क लावून उभे राहतात, तेव्हा तीस वर्षांपूर्वीचे ते दोन साधे पोलीस एवढ्या हुद्द्याला पोचलेत, याचा मला दर वेळी आनंद होतो.

गंधर्व_ठाणे

छान धागा. ‘द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड’ (१९६५) राहिला. त्यात ली किराणा दुकानदार पॅटमोर. रिचर्ड बर्टनचा कफल्लक हेर उधारी मागतो, हा देत नाही आणि मार खातो. त्याच वर्षी ‘थंडरबॉल’मध्ये हा सगळ्या हेरांचा साहेब! एकाच वर्षात हेरांना हुकूम सोडणारा आणि हेराच्या हातचा मार खाणारा. दिग्दर्शक मार्टिन रिटने मुद्दाम त्याला घेतलं असेल का?

बाकी ‘एलिमेंटरी’ मालिकेतला शेरलॉक, जॉनी ली मिलर, हा बर्नार्ड लीचा नातू. मधलं नाव तेच.

शेवंता

गंधर्व, मुद्दाम असो नसो, परिणाम होतोच. पण तो प्रवेश ओळखीच्या गमतीपलीकडे बघा. पॅटमोर काही वाईट माणूस नाही. त्याचा नियम आहे, अनोळखी माणसाला उधार नाही, आणि तो नियम सांगताना आवाजात थोडी तुच्छता येते. बर्टनचा हात उठतो तेव्हा आपण क्षणभर बर्टनच्या बाजूचे असतो, आणि पॅटमोर जमिनीवर पडला की लगेच लाज वाटते. पुढे कळतं की हे सगळं घडवून आणलेलं होतं, आणि दुकानदार बिचारा फुकट भरडला गेला. हेरगिरीची किंमत कोण मोजतं, ते त्या दुकानात आधीच दिसतं.

शेवटची वर्षं त्याला जड गेली. १९७२ मध्ये केंटमधल्या राहत्या घराला आग लागली आणि त्यात त्याची पत्नी ग्लॅडिस गेली. तरी त्यानंतर चार बाँडपट केले. ‘लिव्ह अँड लेट डाय’मध्ये पहाटे बाँडच्या घरी येऊन कॉफीच्या यंत्राची खटपट बघत उभा राहतो, तो प्रसंग त्या आगीनंतरचा आहे. हे कळल्यापासून मला तो प्रवेश निव्वळ विनोदी म्हणून बघता येत नाही. जानेवारी १९८१ मध्ये पोटाच्या कॅन्सरने गेला, वय ७३. ‘फॉर युअर आइज ओन्ली’चं काम चालू होतं. निर्मात्यांनी त्या सिनेमात ‘एम’च ठेवला नाही. साहेब रजेवर आहेत असं दाखवून त्याचं बोलणं दुसऱ्या पात्रांना दिलं. पुढच्या सिनेमापासून रॉबर्ट ब्राउन आला. खुर्ची लगेच भरली नाही, हे त्यांनी बरं केलं.

ओंकार, क्लबात दाखवायचा असेल तर ‘व्हिसल डाउन द विंड’ घे. ‘अँग्री सायलेन्स’वर चर्चा जास्त रंगेल, पण त्याला संपाचा, युनियनचा थोडा संदर्भ आधी द्यावा लागतो. ‘व्हिसल’ला काहीच लागत नाही. मात्र लँकशरची बोली कानाला अवघड जाते, त्यातून मुलं भराभरा बोलतात, तेव्हा सबटायटल्स असलेलीच प्रत मिळव. आणि सभासदांच्या मुलांनाही बोलव. दहा-बारा वर्षांची मुलं तो सिनेमा आपल्यापेक्षा नीट बघतात.